गुन्ह्यांवर माहितीपट, तोही खानदेशातून: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जळगाव, धुळे आणि नंदुरबार या तीन जिल्ह्यांत राहून खऱ्या गुन्ह्यांवर माहितीपट करू पाहणाऱ्यांसाठी हे पान आहे. क्राइम बीट सांभाळणारे वार्ताहर, पत्रकारितेचे विद्यार्थी, लग्नांच्या शूटिंगला कंटाळलेले कॅमेरामन, सनद घेऊनही कोर्टात मन न रमलेले वकील, सगळ्यांचे प्रश्न थोड्याफार फरकाने हेच असतात. कायद्याची कलमं दिशा कळावी म्हणून दिली आहेत. अंतिम कट फौजदारी वकिलाच्या नजरेखालून गेलाच पाहिजे, त्याला पर्याय नाही.

खानदेशात राहून हे करिअर होतं का? की मुंबई गाठावीच लागते?

होतं. पण सुरुवातीची काही वर्षं फक्त यावर चूल पेटत नाही, हे आधीच धरून चाला. एका तासाच्या नीट केलेल्या माहितीपटाला सहा ते आठ महिने संशोधन, वीस-पंचवीस दिवस चित्रीकरण आणि चारेक महिने संकलन लागतं. तोवर घर चालतं ते लग्नांवर, ठिबक आणि बियाणं कंपन्यांच्या व्हिडिओंवर, संस्थांच्या अहवालपटांवर. त्यात कमीपणा काही नाही. लग्नाच्या मांडवात घाईगर्दीत आवाज पकडायला शिकलेला माणूस कोर्टाबाहेरच्या गर्दीत गडबडत नाही.

मुंबईत ध्वनिमिश्रण, रंगसंस्कार आणि विक्री होते. ओळखी मात्र इथे असतात. बाहेरचं युनिट चार दिवस हॉटेलात राहतं, एसपी ऑफिससमोर एक शॉट घेतं आणि निघून जातं. यावल कोर्टात तारीख कोणत्या टेबलावर पडते, पोलीस पाटील गावात कधी सापडतो, धडगावला जायला कोणती गाडी सोयीची, हे त्यांना ठाऊक नसतं. म्हणून बऱ्याच जणांचा रस्ता बाहेरच्या निर्मितीसाठी स्थानिक संशोधक म्हणून सुरू होतो. ते काम घ्या, पण श्रेयनामावलीतलं नाव आणि तुम्ही गोळा केलेल्या कागदांवरचा हक्क आधी लेखी ठरवून घ्या. नंतर फोन उचलले जात नाहीत.

कोणतं प्रकरण निवडावं?

पहिल्या माहितीपटासाठी निकाल लागलेलं, शक्यतो अपीलही संपलेलं प्रकरण घ्या. खानदेशातल्या तिन्ही जिल्ह्यांची अपिलं मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात, म्हणजे छत्रपती संभाजीनगरला जातात. शेजारच्या नाशिक जिल्ह्याची मात्र मुंबईला. नवखे लोक चुकीच्या यादीत प्रकरण शोधत बसतात आणि ‘अपील झालंच नाही’ असं ठरवून टाकतात.

खून म्हणजेच गुन्हा, असा समज सोडा. जळगाव नगरपालिकेच्या घरकुल प्रकरणात धुळ्याच्या विशेष न्यायालयाने ३१ ऑगस्ट २०१९ रोजी ४८ जणांना दोषी ठरवलं आणि पुढे अपिलं झाली. रक्ताचा थेंब नसलेला हा गुन्हा एका शहराने वर्षानुवर्षं अंगावर वागवला. चोपडा तालुक्याला लागून असलेल्या मध्य प्रदेशातल्या उमर्टीतून येणारे गावठी कट्टे, पतसंस्थांत अडकलेल्या ठेवी, सातपुड्यात बाईला डाकीण ठरवून होणारी मारहाण, ऑनलाइन फसवणुकीत वापरली जाणारी भाड्याची बँक खाती, हे सगळे विषय आहेत. प्रत्येकाला लागणारा वेळ आणि जोखीम वेगळी. कट्ट्यांचा विषय पहिल्या कामाला घेऊ नका.

निवड करताना तीन गोष्टी तपासा. निकालाची प्रत मिळते का, दोन्ही बाजूंची किमान तीन-तीन माणसं बोलायला तयार आहेत का, आणि ‘कोणी केलं’ याखेरीज दुसरा प्रश्न त्या प्रकरणात आहे का. ही तिसरी गोष्ट नसेल तर ती बातमी आहे, तिचा माहितीपट होत नाही.

कागदपत्रं कुठून मिळतात?

खरं काम इथेच आहे. कॅमेरा भाड्याने मिळतो, पण फाइल वाचायची सवय स्वतःलाच लावून घ्यावी लागते.

पहिली पायरी एफआयआर. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१६ च्या आदेशानुसार संवेदनशील प्रकरणं वगळता एफआयआर २४ तासांत संकेतस्थळावर टाकायचा असतो. महाराष्ट्र पोलिसांच्या साइटवर जिल्हा, ठाणं आणि तारीख घालून शोधा. लैंगिक अत्याचार आणि मुलांसंबंधीचे गुन्हे तिथे दिसणार नाहीत, आणि ते बरोबरच आहे.

दोषारोपपत्राचं तसं नाही. जानेवारी २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं की चार्जशीट हा सार्वजनिक दस्तऐवज नाही, तो संकेतस्थळावर टाकायची सक्ती करता येणार नाही. ती मिळते आरोपीच्या वकिलाकडून किंवा फिर्यादीकडून. कोणाकडून मिळाली याची तारखेसह नोंद ठेवा, कारण देणारा बहुतेक वेळा सोयीची पानं देतो. पान क्रमांकांत खाडा दिसला की तिथे थांबून बाकीची पानं मागा.

निकालपत्र ई-कोर्ट्स या न्यायालयांच्या संकेतस्थळावर फुकट मिळतं. प्रत्येक प्रकरणाला १६ अक्षर-अंकांचा सीएनआर क्रमांक असतो. तो हाती आला की तारखा, आदेश आणि निकाल सगळं उघडतं. जुन्या प्रकरणांचं मात्र काही चढलेलं नसतं. तिथे जिल्हा न्यायालयाच्या नक्कल विभागात अर्ज करायचा. तुम्ही पक्षकार नसता, म्हणून प्रत कशासाठी हवी याचं कारण लिहावं लागतं. ‘माहितीसाठी’ असं मोघम लिहिलं की अर्ज परत येतो. ‘निकाली प्रकरणावरील माहितीपटाच्या संशोधनासाठी’ असं लिहा, प्रकरण क्रमांक, वर्ष आणि नेमके कागद नोंदवा: निकाल, साक्षीदार क्रमांक अमुकची साक्ष, निशाणी (कोर्टाने पुराव्याला दिलेला क्रमांक) अमुकचा पंचनामा. कोर्टाचे कागद माहिती अधिकारात मागू नका. न्यायालयाच्या स्वतःच्या नियमांनीच ते घ्यावेत, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये सांगितलं आहे.

माहितीचा अधिकार पोलीस, महसूल आणि नगरपालिकेसाठी ठेवा. महाराष्ट्रात अर्ज एका विषयाचा आणि १५० शब्दांच्या आत हवा. शुल्क १० रुपये, मुदत ३० दिवस, पहिल्या अपिलाचं शुल्क २० रुपये. ‘तपास सुरू आहे’ म्हणून कलम ८(१)(ज) खाली नकार येतो. पण माहिती दिल्याने तपासाला नेमका कसा अडथळा येईल, हे कार्यालयाने दाखवायला हवं. नुसतं प्रलंबित असणं पुरत नाही, असं दिल्ली उच्च न्यायालयाने २००७ मध्ये म्हटलेलं आहे. अपिलात तेवढा मुद्दा धरा.

वाचायचा क्रम आमच्या मते उलटा असावा: आधी निकाल, मग उलटतपासण्या, मग पंचनामे, शेवटी एफआयआर. एफआयआरपासून सुरुवात केली की पोलिसांची गोष्ट डोक्यात बसते आणि पुढचं सगळं तिच्या चष्म्यातून दिसतं. घटनास्थळाच्या पंचनाम्यात वेळ, उजेड कसला होता, पंच कुठले आणि जप्त वस्तू सील कधी झाल्या, हे अधोरेखित करा. एकाच ठाण्याच्या चार पंचनाम्यांत तेच दोन पंच दिसले, तर बचाव पक्षाने त्यावर काय विचारलं ते साक्षीत शोधा. रासायनिक विश्लेषणाचा अहवाल, ज्याला सगळे सीए रिपोर्ट म्हणतात, तो या भागातून बहुधा नाशिकच्या प्रादेशिक न्यायसहायक प्रयोगशाळेतून येतो. मुद्देमाल ठाण्यातून निघाला ती तारीख आणि प्रयोगशाळेत पोचला ती तारीख यांत मोठं अंतर असेल, तर त्या मधल्या दिवसांची गोष्ट माहितीपटात हवीच.

आणखी एक. १ जुलै २०२४ पूर्वीच्या गुन्ह्यांना भारतीय दंड संहितेची कलमं लागतात, त्यानंतरच्या गुन्ह्यांना भारतीय न्याय संहितेची. निवेदनात जुन्या खुनाला कलम १०३ म्हणू नका. ते ३०२ च होतं.

खटला चालू असेल तर चित्रण करता येतं का?

चित्रण करता येतं, दाखवताना जपावं लागतं. न्यायालय अवमान कायदा १९७१ आहेच, शिवाय मुंबई उच्च न्यायालयाने जानेवारी २०२१ मध्ये माध्यमांनी चालवलेल्या समांतर खटल्यांवर कडक भूमिका घेतली. आरोपीचा पोलिसांपुढचा कबुलीजबाब पडद्यावर पुरावा म्हणून मांडणं ही सगळ्यात मोठी चूक. भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम २३ नुसार तो कोर्टात ग्राह्यच नाही, अपवाद त्यातून नवी वस्तू सापडली तेवढ्या भागाचा. कोर्टात चालत नाही ते तुमच्या निवेदनातही चालू नये. सुनावणीच्या दालनात कॅमेरा नेता येत नाही. आवारासाठी प्रमुख जिल्हा न्यायाधीशांची लेखी परवानगी घ्या.

खरी नावं वापरता येतात का?

न्यायालयीन नोंदीत असलेलं प्रौढ आरोपीचं नाव वापरता येतं. सार्वजनिक नोंदींवर आधारलेल्या लेखनाला संमती लागत नाही, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्ये मान्य केलं. पण नोंदीबाहेरच्या खाजगी गोष्टी, म्हणजे आजार, प्रेमसंबंध, वहिनीशी भांडण, त्या आडोशात येत नाहीत. निर्दोष सुटलेल्या माणसाचं नाव घेतलं तर सुटकाही तेवढ्याच ठळकपणे सांगा, नाहीतर मानहानीची नोटीस ठरलेली.

लैंगिक अत्याचारातल्या पीडितेची ओळख उघड करणं हा गुन्हा आहे. पूर्वी दंड संहितेचं कलम २२८-अ, आता न्याय संहितेचं ७२, शिक्षा दोन वर्षांपर्यंत. ती हयात नसली तरी बंदी लागू आहे, असं डिसेंबर २०१८ चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल सांगतो. घरच्यांनी ‘लावा फोटो, जगाला कळू द्या’ म्हटलं तरी नाही. अठराखालची मुलं आरोपी असोत, पीडित असोत की साक्षीदार, बाल न्याय कायद्याच्या कलम ७४ प्रमाणे त्यांचं नाव, पत्ता, शाळा काहीच दाखवायचं नाही.

खानदेशातल्या गावात ओळख नावानेच उघड होते असं नाही. नुसता चेहरा धूसर करून भागत नाही. घराचा निळा दरवाजा, ओट्यावरचं तुळशीवृंदावन, मागे दिसणारी जिनिंगची चिमणी, बापाच्या शर्टावरचं सोसायटीचं नाव, आणि मुख्य म्हणजे आवाज: यांतल्या एकावरूनही तालुका ओळखतो. जागा बदला, आवाज दुसऱ्याकडून पुन्हा वदवून घ्या, आडनाव आणि जात दोन्ही गाळा.

पीडित कुटुंबाकडे कसं जायचं?

एकट्याने, कॅमेऱ्याशिवाय, आणि ओळखीच्या माणसासोबत. तो माणूस पुढारी किंवा पोलीस नको. शिक्षक, आशाताई, गावातली एखादी वडीलधारी व्यक्ती चालेल. घरात मोठे कोण, ते बघून आप्पा, नाना, जिभाऊ, माय अशी हाक आपसूक येते, पण ती पहिल्याच मिनिटाला मुद्दाम लावलेली असली की लगेच कळते. चहा आला तर घ्या. पहिल्या भेटीत गुन्ह्याबद्दल प्रश्न नको. तुम्ही कोण, काय करताय, कुठे दाखवणार आणि ते ‘नाही’ म्हणू शकतात, एवढंच सांगा आणि निघा. दुसरी भेट आठ-दहा दिवसांनी.

दिवस निवडताना कॅलेंडर पाहा. वर्षश्राद्ध तर सोडाच, पण लेक गमावलेल्या घरी अखाजीच्या, म्हणजे अक्षय्य तृतीयेच्या, आसपास जाऊ नका. सगळ्या गावाच्या मुली माहेरी आलेल्या असतात, झाडाला झोके बांधलेले असतात आणि त्या घरात कोणी येणार नसतं. कानबाईच्या सणाच्या दिवसांतही तेच. ‘भावनिक दृश्य मिळेल’ म्हणून कोणी नेमका तोच दिवस सुचवला, तर त्याला टीममधून कमी करा.

संमतीपत्र साध्या मराठीत, दोन पानांपेक्षा मोठं नाही. ते मोठ्याने वाचून दाखवायचं, जमलं तर अहिराणीत किंवा पावरीत समजावायचं आणि ते समजावणंही चित्रित करून ठेवायचं. त्यात चार गोष्टी हव्याच: चित्रण कुठे दाखवणार, पैसे मिळणार नाहीत, मुलाखत मध्येच थांबवता येईल, आणि अमुक तारखेपर्यंत संमती मागे घेता येईल. ही तारीख संकलन पक्कं होण्याच्या आधीची ठेवा. मुलाखतीसाठी पैसे देऊ नयेत, कारण उद्या तोच साक्षीदार अपिलात किंवा फेरसुनावणीत उभा राहिला तर बचाव पक्ष ते काढणार. एका दिवसाची बुडालेली मजुरी आणि बसभाडं देणं वेगळं. तेही पावतीवर.

मुलाखत दीड तासाच्या पुढे नेऊ नका. शेवटची पंधरा मिनिटं गुन्ह्याबद्दल बोलूच नका, कापूस-केळीचं, नातवंडांचं बोला. माणसाला त्या रात्रीत सोडून आपण गाडीत बसायचं नसतं.

आरोपी किंवा कैद्याची मुलाखत मिळते का?

तुरुंगात फार क्वचित. २०१५ मध्ये दिल्लीतल्या एका कैद्याच्या मुलाखतीवरून वादळ उठल्यावर केंद्रीय गृहमंत्रालयाने राज्यांना नियमावली पाठवली: तीस दिवस आधी अर्ज, एक लाख रुपये अनामत, चित्रणाची उपकरणं तपासणीसाठी तीन दिवस अधीक्षकांकडे. तेवढं करूनही परवानगी राज्य सरकारच्या मर्जीवर. दीर्घ शिक्षेचे कैदी बहुधा नाशिकरोड मध्यवर्ती कारागृहात असतात, म्हणजे प्रत्येक पाठपुराव्याला नाशिक फेरी.

व्यवहार्य वाट म्हणजे शिक्षा भोगून आलेली माणसं. पॅरोल किंवा फर्लोवर आलेल्याशी बोलायचं असेल, तर आधी त्याच्या रजेच्या अटी वाचा. तुमच्यामुळे त्याची रजा रद्द झाली तर ते पाप कोणाच्या माथी? अपील प्रलंबित असेल तर त्याच्या वकिलाशिवाय एकही प्रश्न नको.

पोलीस बोलतात का?

सेवेतल्यांना वरिष्ठांची परवानगी लागते, ती बहुधा छापील उत्तरापुरती मिळते. निवृत्त बोलतात, आणि भरपूर बोलतात. अडचण अशी की पंधरा वर्षं तीच हकीकत सांगून सांगून ती गुळगुळीत झालेली असते. तेव्हा तपासी अंमलदाराची कोर्टातली साक्ष छापून न्या आणि विसंगती दिसली की शांतपणे ते पान पुढे करा. मोठ्या साहेबांपेक्षा त्या वेळचा हवालदार, मुद्देमाल कारकून, श्वानपथकातला शिपाई जास्त उपयोगाचे. गुन्हा उलगडण्याचं श्रेय एलसीबीचं (जिल्ह्याच्या स्थानिक गुन्हे शाखेचं) की ठाण्याचं, या वादात पडू नका, तो दोन्हीकडे अजून ताजा असतो.

गुन्हेगारी मानसशास्त्र किती शिकायला हवं?

तज्ज्ञाला नेमका प्रश्न विचारता येईल एवढं, आणि स्वतः निदान करायचा मोह होणार नाही एवढं.

‘सायकोपॅथ’ हा शब्द सगळ्यात स्वस्तात वापरला जातो. रॉबर्ट हेअर यांनी तयार केलेली तपासणी सूची २० मुद्द्यांची आहे. प्रत्येकाला ० ते २ गुण, कमाल ४०, उत्तर अमेरिकेत साधारण ३० ला रेषा. ती प्रशिक्षित माणसाने प्रत्यक्ष मुलाखत आणि जुन्या नोंदी दोन्ही पाहून भरायची असते. कोर्टाच्या पायऱ्या उतरताना आरोपी हसला, एवढ्यावर त्याला तो शब्द लावणाऱ्या तज्ज्ञाला माहितीपटात घेऊ नका, पदवी कितीही लांब असली तरी.

वेडसरपणा आणि कायद्यातलं वेड या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. न्याय संहितेचं कलम २२, पूर्वीचं ८४, एवढंच विचारतं की कृत्य करताना त्याचं स्वरूप किंवा ते चूक आहे हे त्याला कळत होतं का. मुळं १८४३ च्या इंग्लंडमधल्या मॅक्नॉटन खटल्यात आहेत. आजार असूनही हा बचाव फेटाळला जाऊ शकतो. निवेदनात ‘मनोरुग्ण असूनही शिक्षा झाली’ असं लिहिण्यापूर्वी निकालातला तो परिच्छेद तीनदा वाचा. प्रादेशिक मनोरुग्णालयं ठाणे, पुणे, नागपूर आणि रत्नागिरीला आहेत, खानदेशात एकही नाही. आरोपीची मानसिक तपासणी कधी आणि कुठे झाली हे शोधलं तर गुन्ह्याआधीची कितीतरी वर्षं उपचाराविना गेलेली दिसतात. माहितीपटाचा कणा पुष्कळदा तिथे सापडतो.

नार्को, पॉलिग्राफ, ब्रेन मॅपिंग: सर्वोच्च न्यायालयाच्या मे २०१० च्या सेल्वी निकालानंतर संमतीशिवाय करता येत नाहीत आणि त्यांचा निष्कर्ष म्हणजे पुरावा नव्हे. ‘नार्कोत कबूल केलं’ हे वाक्य पटकथेतून उडवा.

साक्षीदाराच्या आठवणीबद्दल शिकणं सर्वांत कामाचं. एलिझाबेथ लॉफ्टस आणि जॉन पामर यांनी १९७४ मध्ये दाखवलं की अपघाताच्या त्याच चित्रफितीबद्दल विचारताना ‘लागली’ऐवजी ‘आदळली’ असा शब्द वापरला की लोक गाडीचा वेग जास्त सांगतात. तुम्हीही प्रश्न विचारताय. ‘तो पळाला तेव्हा तुम्ही कुठे होता?’ असं विचारलंत की पळणं तुम्हीच पेरलंत. ‘मग काय झालं?’ एवढंच विचारा आणि गप्प बसा.

जमावाचं मानसशास्त्र या भागाला टाळता येणार नाही. १ जुलै २०१८ रोजी साक्री तालुक्यातल्या राईनपाड्यात, आठवडे बाजाराच्या दिवशी, मुलं पळवणारी टोळी समजून नाथपंथी डवरी गोसावी समाजातल्या पाच भिक्षेकऱ्यांना जमावाने ठार मारलं. व्हॉट्सअॅपवरची अफवा हे कारण सगळ्यांनी छापलं. पण अफवा अनेक गावांत पोचते आणि एखाद्याच गावात माणसं मरतात. बाजारची गर्दी, अनोळखी वेश, पोलीस ठाण्यापासूनचं अंतर, दार तोडणारे आणि नुसते चित्रण करत उभे राहिलेले, असे थर वेगवेगळे करावे लागतात. इथे एका ‘सूत्रधारा’चा शोध घेणारा माहितीपट दिशाच चुकतो.

आणि एक इतिहास. १८७१ च्या कायद्याने काही जमाती जन्मतःच गुन्हेगार ठरवल्या, तो कायदा १९५२ मध्ये रद्द झाला. तरी दरोड्याच्या बातमीत पारधी वस्तीचा शॉट आजही पहिला येतो. भिल्लांचा नायक खाज्या नाईकाचंच पाहा, १८५७ च्या इंग्रजी कागदांत तो लुटारू, सातपुड्यात तो वीर. फाइलवर कोणाची सही आहे हे पाहिल्याशिवाय फाइल वाचायची नसते. जुन्या नोंदींसाठी १८८० चं खानदेश गॅझेटिअर, म्हणजे मुंबई इलाख्याच्या मालिकेतला बारावा खंड, आणि धुळ्याचं राजवाडे संशोधन मंडळ इथून सुरुवात करा.

कॅमेरा, आवाज, उजेड: इथल्या हवेत काय बिघडतं?

महागडं काही लागत नाही. मुलाखतीला दोन सारखे कॅमेरे, एक मध्यम आणि एक जवळून. २५ फ्रेम आणि शटर १/५०, कारण आपली वीज ५० हर्ट्झची. दुसरा आकडा ठेवला की ट्यूबलाइट लुकलुकते. आवाज ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटवर. कॉलर माइक आणि बूम दोन्ही लावा. साडीच्या पदरावर कॉलर माइक घासतो, तो ब्लाउजच्या काठाला आतून टेपने लावायला टीममध्ये बाई असावी.

एप्रिल-मे मध्ये भुसावळ-जळगावचा पारा ४५ च्या आसपास असतो. उन्हात ठेवलेला कॅमेरा तापून बंद पडतो, तेही नेमकं महत्त्वाच्या वाक्याला. बाहेरचं काम साडेनऊपर्यंत उरका, कॅमेऱ्यावर पांढरं ओलं नव्हे, कोरडं फडकं टाका, बॅटऱ्या गाडीत सोडू नका. घरात खरा शत्रू कूलर. त्याची घरघर नंतर निघत नाही. म्हणून वीस मिनिटं बोलणं, पाच मिनिटं कूलर, असा फेरा लावा. पत्र्याचं छत दुपारी तडतडतं, आवाज घुमतो. जुनं धाब्याचं घर मिळालं तर सोनं, मातीच्या छताने आवाजही मऊ येतो आणि गारवाही असतो. केळीच्या बागेत मुलाखत घेतली की चेहऱ्यावर हिरवट झाक येते. पांढरा थर्मोकोल समोर धरा आणि व्हाइट बॅलन्स तिथेच घ्या. आवाजासाठी फ्रिज बंद केलात तर गाडीची किल्ली त्यात ठेवा, म्हणजे निघताना परत चालू करायला विसरणार नाही. उन्हाळ्यात कोणाचं दूध नासवून आलात तर दुसरी भेट विसरा.

साठवणूक: १०० मेगाबिटच्या ४के चित्रणाला तासाला ४५ जीबी लागतात. दोन कॅमेरे, दोन तास, म्हणजे १८० जीबी. तीन प्रती, दोन वेगळ्या प्रकारच्या साधनांवर, त्यातली एक गावाबाहेर. प्रत्येक कार्डाची हॅश व्हॅल्यू, म्हणजे फाइल बदललेली नाही हे दाखवणारा सांकेतिक आकडा, त्याच रात्री नोंदवा. उद्या ते चित्रण कोर्टात गेलं तर साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ खालच्या प्रमाणपत्राला तीच लागते.

कच्चं चित्रण पोलिसांनी मागितलं तर?

भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेल्या कायद्याच्या) कलम ९४ खाली ते मागू शकतात. स्रोत लपवायचा सरसकट हक्क देणारा कायदा आपल्याकडे नाही. म्हणून ‘काहीही झालं तरी नाव फुटणार नाही’ असं वचन कोणाला देऊ नका. ज्याची ओळख लपवायची त्याचा चेहरा मुळात टिपूच नका. मुलांवरच्या लैंगिक अत्याचाराची माहिती कोणी बोलताबोलता दिली, तर पोक्सो या बाल लैंगिक अत्याचारविरोधी कायद्याच्या कलम १९ प्रमाणे ती पोलिसांना कळवणं बंधनकारक आहे, हे मुलाखतीआधीच सांगा.

अहिराणी, पावरी, भिलीतली साक्ष मराठीत कशी आणायची?

बोली तशीच ठेवा, खाली उपशीर्षकं द्या. वरून प्रमाण मराठीत आवाज चढवणं म्हणजे माणूस पुसणं. ‘मारलं’ या एका शब्दाने किती घोळ होतात पाहा: मारहाण की जिवे मारणं? बोलीतली क्रिया जबाब लिहून घेणाऱ्याने मराठीत ओढली आणि अर्थच पालटला, असं होऊ शकतं. म्हणून मूळ आवाज, जबाबातलं वाक्य आणि तुमचं उपशीर्षक शेजारी-शेजारी मांडून दोन वेगळ्या जाणकारांकडून तपासा. अक्कलकुवा-धडगावकडे दुभाषी घेताना तो कोणत्या बाजूच्या भावकीतला आहे हे आधी विचारा.

प्रसंगाचं नाट्यरूपांतर करावं का?

कमीत कमी. हत्यार, रक्त, किंचाळी नको. रिकामा रस्ता, हातपंप, बंद दुकान पुरतं. केलंच तर पडद्यावर तसं लिहा, आणि ज्या गोष्टीवर कोर्टात वाद होता ती एकाच बाजूने उभी करू नका. प्रेक्षक निवेदन विसरतो, दृश्य विसरत नाही.

पैसा आणि प्रदर्शन?

सरकारी माहितीपट करणारं फिल्म्स डिव्हिजन २०२२ मध्ये एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात) विलीन झालं, तेव्हा अर्ज तिकडे. मुंबईचा मिफ हा माहितीपटांचा महोत्सव १९९० पासून, दर दोन वर्षांनी. चित्रपटगृहासाठी सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतं, ओटीटीला ते लागत नाही पण २०२१ च्या नियमांप्रमाणे वयोगट द्यावा लागतो. मोठे प्लॅटफॉर्म प्रत्येक फोटो, बातमीचं कात्रण आणि सीसीटीव्हीच्या तुकड्याचा लेखी हक्क मागतात. व्हॉट्सअॅपवर फिरतोय म्हणून फोटो फुकट होत नाही, तो काढणाऱ्याचा असतो. यूट्यूबवर हिंसक चित्रांना जाहिराती कमी मिळतात, त्यामुळे भडक थंबनेलचा हिशोबही जमत नाही. बजेट मांडताना वकिलाची फी आणि भाषांतर या दोन ओळी हमखास विसरल्या जातात.

झोप उडते. हे सगळ्यांचं होतं का?

बऱ्याच जणांचं. शवविच्छेदनाचे फोटो रात्री पाहू नका, संकलनात त्यांच्या जागी काळी पट्टी टाकून काम करा, आठवड्यातला एक दिवस फाइल बंद ठेवा. टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य मदतवाहिनीचा १४४१६ क्रमांक फुकट आहे आणि मराठीत बोलता येतं. हाच क्रमांक मुलाखत देणाऱ्या घरालाही लिहून द्या.

पूर्ण झालेला माहितीपट कुटुंबाला आधी दाखवायचा का?

हो, प्रदर्शनाच्या किमान पंधरा दिवस आधी, त्यांच्या घरी, लॅपटॉपवर. सभागृहात नको. त्यांना कापायचा अधिकार नाही, पण ओळख उघड होतेय किंवा तथ्य चुकलंय असं ते म्हणाले तर दुरुस्ती करायचीच, म्हणून ध्वनिमिश्रणाची अंतिम तारीख त्यानंतरची ठेवा. दुसऱ्या बाजूच्या कुटुंबालाही त्याच आठवड्यात, वेगळ्या दिवशी दाखवा. दोन्ही घरं एकाच गल्लीत असतील तर गाडी बसस्टँडवर लावून चालत जा.